अबेकेची ओळ

बाबा, मी तुमच्याशी एकदा खोटे बोलले. एकदाच, पण ते खोटे पाच महिने जगले, आणि तुम्ही गेलात तेव्हाही ते जिवंतच होते. त्याला आज बारा दिवस झाले. या बारा दिवसांत मी एका जागी बसलेले नाही. घासलेली भांडी पुन्हा घासते. गाडीची किल्ली उचलते, डरहॅमच्या रस्त्याला लागते, तुमच्या अपार्टमेंटच्या वळणापाशी सिग्नल हिरवा झाला तरी तशीच उभी राहते. मागची गाडी हॉर्न देते, आणि मी परत फिरते. समीर म्हणतो, "अगं, बस ना जरा. किती फेऱ्या मारशील?" बसले की ऐकू येते, हे नवऱ्याला कोणत्या शब्दांत सांगायचे असते?

हे मी तुम्हाला न कळणाऱ्या भाषेत लिहिते आहे. तुम्ही हसला असतात. "इया अर्णव, मीही लोकांशी त्यांना न कळणाऱ्या भाषेतच बोलतो, आणि वर त्यांच्याकडून जेवणही घेतो." इया अर्णव, म्हणजे अर्णवची आई. तुमच्या योरुबा लोकांच्या रीतीप्रमाणे तुम्ही मला माझ्या नावाने कधी हाक मारली नाहीत. आणि तुम्हाला सगळे म्हणत तो 'बाबा' हा शब्द मला मुद्दाम शिकावा लागला नाही.

आपली भेट एका करारपत्रामुळे झाली. दोन हजार एकचा हिवाळा होता आणि मी मॉरिसव्हिलला नवी होते. मराठी कवितेवर प्रबंध लिहिलेली बाई डिपेंडंट व्हिसावर अमेरिकेत आली, की तिच्यापाशी रिकाम्या सकाळींखेरीज फारसे काही उरत नाही. नोकरीची परवानगी नव्हती, म्हणून मंगळवारी आणि गुरुवारी मी लायब्ररीत परदेशांतून आलेल्यांना फॉर्म भरायला विनामूल्य मदत करीत असे. तुम्ही आलात ते जाड कोट, त्याखाली पायघोळ निळा झगा, आणि काखेत ते वाद्य घेऊन. मधे बारीक, टोकांना रुंद. आपल्या डमरूचा थोरला भाऊ म्हणावा असे, भोवती चामड्याच्या शेकडो दोऱ्या. ते तुम्ही टेबलावर ठेवलेत तेव्हा करड्या चामड्याचा, तेलाचा आणि लांबच्या धुळीचा वास माझ्या कागदांवर उतरला.

"माझे डोळे इंग्रजी वाचतात," तुम्ही पत्र पुढे सरकवत म्हणालात. "पण हे इंग्रजी वाचत नाहीत."

ते एका विद्यापीठाचे पत्र होते: तीन कार्यशाळा, अमुक तास, अमुक अटी. मी वाचून दाखवले. तुम्ही डोळे मिटून ऐकलेत आणि शेवटी विचारलेत, "यात कुणाचं नाव नाही?"

"विद्यापीठाचं आहे की."

"विद्यापीठाला आई असते का?"

मला वाटले, म्हातारा गंमत करतो आहे. ती गंमत नव्हती, तुमची धंद्याची रीत होती. पण ते कळायला मला दोन वर्षे लागली.

तुमचा धंदा! त्या शब्दावर आपण किती भांडलो. तुमची कारकीर्द मला सलग कधी कळलीच नाही. ती तुम्ही चहाच्या घोटाघोटाने सांगितलीत. वडील राजाच्या वाड्यात वादक, राजा झोपेतून उठला की त्याला त्याच्या पूर्वजांची नावे ड्रमवर ऐकवणारे. सतराव्या वर्षी तुम्ही तिथून पळून लागोसला गेलात आणि एका बँडमागे उभे राहून वाजवू लागलात. अकरा रेकॉर्ड, आणि एकाही वेष्टनावर तुमचे नाव नाही. एका कंपनीच्या मालकाने मानधनाऐवजी स्कूटर दिली, तीही विनाकागदपत्रांची. "पोलिसानं पकडलं की मी त्याच्या आईचं नाव विचारायचो," तुम्ही सांगायचात, "आणि तिथंच रस्त्यावर ते वाजवायचो. तीन वर्षं ती स्कूटर अशी चालली, इया अर्णव. पेट्रोलवर कमी, आयांवर जास्त." मग एका नृत्यमंडळीबरोबर तुम्ही अमेरिकेत आलात, मंडळी परत गेली, तुम्ही राहिलात. बारशी, साठाव्या वर्षाचे समारंभ, लग्ने. अटलांटापासून बॉल्टिमोरपर्यंत दर शनिवार-रविवार तुमची जुनी व्हॅन धावत असे. अशा एका समारंभाला तुम्ही मला नेलेत. पाहुणे नाचत येऊन तुमच्या कपाळावर नोटा चिकटवीत होते, आणि पुण्यात वाढलेली मी संकोचून खाली पाहत होते, कारण आमच्याकडे त्याला दौलतजादा म्हणतात आणि तो शब्द दबक्या आवाजात उच्चारतात. परतीच्या वाटेवर तुम्ही म्हणालात, "ती मजुरी नव्हे. मी त्यांच्या आजोबांना हाक मारली, त्यांनी 'ओ' दिली. इतकंच."

कुणी बोलावणे केले की दर ठरवण्याआधी तुम्ही नावे मागायचात. यजमानाचे, त्याच्या वडिलांचे, आणि मुख्य म्हणजे आईचे. आई कुठल्या गावची, काय करायची, तिला लाडाने काय म्हणत. ती मिळाली नाहीत तर तुम्ही जात नव्हतात. योरुबा भाषेत स्वर वर-खाली झाला की अर्थ बदलतो, आणि तुमचे वाद्य दोऱ्या आवळून तेच चढउतार बोलते. म्हणून नाव हाती आल्याखेरीज त्याला बोलण्यासारखे काही नसते, हे तुम्ही मला पुष्कळदा समजावलेत. मी कागदांची पुरस्कर्ती होते. म्हणायची, "बाबा, लेखी घ्या. हा देश लेखी घेणाऱ्यांचा आहे." तुम्ही म्हणायचात, "तुमच्या गावात नव्हते का असे लोक, ज्यांना सुगीला वाटा मिळायचा आणि कुणी सही करायचं नाही?" होते, मी सांगितले, त्यांना बलुतेदार म्हणत, आणि त्यांचे हाल काय झाले तेही सांगितले. त्यावर तुम्ही कपात आणखी चहा ओतलात. तो वाद तिथेच राहिला. मला वाटले मी जिंकले. आता वाटते, आपल्यापैकी कुणीच पुरते बोलले नव्हते.

बाबा, आमच्या मंडळाचा गणेशोत्सव आठवतो? शाळेच्या कॅफेटेरियात, मक्याच्या चिप्सच्या जाहिरातीखाली मखर. मी तुमचे नाव सुचवले तेव्हा खजिनदार देशपांडेकाका म्हणाले, "वहिनी, छानच. पण यांचा रेट काय?"

"ते आधी नावं विचारतात, काका."

"कुणाची?"

"यजमानांची."

"यजमान म्हणजे… मंडळाचं रजिस्टर्ड नाव देऊ का?"

मी तुम्हाला फोन लावला आणि तो काकांच्या हाती दिला. काकांचा चेहरा मी अजून पाहते आहे. तुम्ही विचारत होतात: समारंभ कुणाचा? गणपतीचा. वडील? शंकर. आई? पार्वती. आईचे माहेर? काका ताठ होऊन म्हणाले, "हिमालय." भावंडे? "एक भाऊ आहे, पण तो साउथला असतो." हे सांगताना काका जराही हसले नाहीत. ते मुलाखतीला बसल्यासारखे उत्तरे देत होते.

आणि तुम्ही आलात, मूर्तीसमोर उभे राहिलात, आणि पहिल्यांदा पार्वतीला हाक मारलीत. आमची भाषा चढउतारांची नाही. तुम्ही ते नाव जिभेवर घोळवून त्याच्यासाठी स्वर शोधला होतात. पाऽर्वती, हिमालयाची लेक, दोन मुलांची आई. त्या खोलीत प्रत्येकाच्या नावात बापाचे किंवा नवऱ्याचे नाव होते, आईचे कुणाच्याच नव्हते. आरती झाल्यावर काका तुमच्याजवळ आले आणि अगदी हळू म्हणाले, "माय मदर वॉज कुसुम. फ्रॉम वाई." मग रांग लागली. इंदिरा, विमल, सुलोचना, नागपूरची एक वत्सला. आपापल्या कंपन्यांत शेकडो माणसांवर हुकूम चालवणारे लोक कागदी प्लेट हातात धरून आईचे नाव सांगायला उभे होते. मी शेवटी आले. "शालिनी," मी म्हटले. तुम्ही ते वाजवलेत, आणि माझ्या छातीत कुणीतरी बंद खोलीची खिडकी उघडल्यासारखे झाले. त्या रात्री मी कित्येक वर्षांनी चार ओळी लिहिल्या. तुम्ही मला नेहमी विचारत होतात ना, "इया अर्णव, तुला गप्प बसायला कुणी बयाणा दिलाय?"

इतके पाहूनही मी जे केले ते केले.

दोन हजार तीनच्या मार्चमध्ये रॉलीतल्या एका छोट्या स्टुडिओने तुम्हाला बोलावले. ते निरनिराळ्या वाद्यांचे आवाज ध्वनिमुद्रित करून त्यांचे तुकडे विकत. ज्याला जाहिरातीत, खेळात, कुठेही लागेल त्याने घ्यावे. तुम्हाला ते पटत नव्हते. मला मात्र वाटले, तुमचे वाद्य कुठेतरी नोंदले जाईल, उरेल. तुमचा मुलगा तिकडे मायदेशी, इबादानला, मोबाइल दुरुस्तीचे दुकान चालवतो, त्याने कधी ड्रमची काठी हातात धरली नाही. तुमची लेक फोलाके तुमच्यापाशी होती, तिला शिकायचे होते, आणि तिला तुम्ही शिकवीत नव्हतात.

"का नाही?" मी विचारायची.

"आमच्या घरात बायका वाजवत नाहीत."

"मग तुमच्यानंतर कोण वाजवणार?"

"फोलाके नर्स आहे. तिचे हात दुसरं काम जाणतात."

"हात हात असतात, बाबा."

"आ-आ! आता ही कवयित्री मला हात शिकवणार!"

हाही वाद तसाच राहिला. पण स्टुडिओच्या बाजूने मी हाच मुद्दा वापरला: घरात कुणी शिकत नसेल तर निदान यंत्राने तरी शिकावे. तुम्ही आलात.

स्टुडिओचा मालक पोरसवदा होता, टोपी उलटी घातलेला. तुम्ही त्याला विचारलेत, "तू कोणाचा?"

"मी केव्हिन."

"केव्हिन कोणाचा?"

तो माझ्याकडे पाहू लागला. मी म्हटले, "आईचं नाव सांगा." तो लाजून म्हणाला, "लिंडा." "आणि लिंडाची आई?" ती त्याला ठाऊक नव्हती. त्याने तिथेच आईला फोन केला. मग तुमचे समाधान झाले आणि तुम्ही काचेपलीकडे जाऊन बसलात. केव्हिन म्हणाला, "सर, फक्त माइक तपासायचाय. काहीही वाजवा."

"काहीही असं काही नसतं," तुम्ही म्हणालात.

आणि तुम्ही तुमच्या आईची ओळ वाजवलीत. कोणत्याही वादनाआधी तुम्ही ती वाजवायचात. माझ्या कानांना ती पाठ होती. दोन खालचे स्वर, एक वरचा: अबेके. लहानपणचे तिचे लाडाचे नाव. जपण्यासाठी देवाकडे मागून घेतलेली, असा त्याचा अर्थ. आणि पुढे तुमच्या आजोबांनी सुनेसाठी रचलेली ओळ: कोपरापर्यंत निळी, जिने हात धुतले आणि नदी रंगली. ती निळीत कापड रंगवीत असे. त्या ओळीच्या शेवटी दोऱ्या आवळून तुम्ही स्वर ओढून धरायचात, ओल्या कापडातले पाणी पिळून निघावे तसा. ती ओळ तुमच्या घराबाहेर कुणाला येत नव्हती, आणि घरातही तुमच्यानंतर कुणाला येणार नव्हती.

करार मी वाचला. सगळा वाचला, बाबा. आळस केला असता तर निदान तो गुन्हा साधा झाला असता. त्यात लिहिले होते की, या सत्रात निर्माण झालेले सर्व ध्वनी, ज्ञात आणि अद्याप अज्ञात अशा सर्व माध्यमांत, समस्त विश्वात, निरंतर. आणि मी थांबले, कारण ते वाक्य मला सुंदर वाटले. कायद्याच्या रुक्ष गद्यात एकदम स्तोत्राची लय आली, असे मला वाटले. समस्त विश्वात, निरंतर! मी ते तुम्हाला दोनदा वाचून दाखवले, आशीर्वाद वाचून दाखवावा तसे. 'सर्व ध्वनी' या दोन शब्दांवर माझी नजर घसरून पुढे गेली. माइक तपासताना वाजवलेली ओळही त्यात येते, हे एखाद्या कारकुनाच्या लक्षात आले असते. कवितेत मुरलेल्या बाईच्या आले नाही.

तुम्ही पेन हातात घेऊन विचारलेत, "हा कागद माझ्या आईला ओळखतो का?"

"कागदाला आई कळत नाही, बाबा. करा सही."

तुम्ही सही केलीत.

मग साडेचार वर्षे मी ते विसरले. तुमची मूत्रपिंडे थकली, शनिवार-रविवारचे समारंभ थांबले, व्हॅन विकली गेली. आठवड्यातून तीनदा डायलिसिस. फोलाके हॉस्पिटलात रात्रपाळी करी आणि दिवसा झोपे, म्हणून विमा कंपनीशी बोलायचे काम मी घेतले. समीर चिडवायचा, "एच-फोर व्हिसावर फुल टाइम जॉब लागलाय बघा बाईसाहेबांना." गेल्या नोव्हेंबरातली ती सकाळ. तुम्ही स्वयंपाकघरातल्या खुर्चीवर, मांडीवर वाद्य, दोऱ्यांना तेल लावत होतात. खिडकीतून येणारे ऊन तुमच्या सुजलेल्या पावलांवर पडले होते. कुठलेसे बिल नाकारले गेले होते. मी माझ्या मोबाइलवरून हेल्पलाइनला फोन लावला.

"स्पीकरवर टाक," तुम्ही म्हणालात. "काय कारणं देतात ते मलाही ऐकू दे."

मी बटण शोधत होते तेवढ्यात होल्डवरचे संगीत सुरू झाले. आधी व्हायलिनसारखे काहीतरी यंत्रातले, गुळगुळीत. आणि त्यावर दोन खालचे स्वर, एक वरचा.

बाबा, ते तुमचेच वाद्य होते. अबेके. कोपरापर्यंत निळी. ओळ संपली, मग एक बाई म्हणाली, तुमचा फोन आमच्यासाठी महत्त्वाचा आहे. मग पुन्हा तुमची आई. दर वीस-बावीस सेकंदांनी तिला कुणी दारात बोलावीत होते आणि कुणी आत घेत नव्हते.

मी फोन कानात रुतेल इतका दाबून धरला.

"अगं, स्पीकर?"

"बिघडलाय."

"नवा फोन ना हा?"

"म्हणूनच," मी म्हटले. तुम्ही हसलात. मीही हसले. हेच ते खोटे.

त्या क्षणाकडे मी पुन्हा पुन्हा जाते. मी म्हटले 'बिघडलाय' तेव्हा तुमची बोटे दोरीवर थांबली होती का? कानाशी धरलेल्या फोनमधूनही थोडा आवाज झिरपतोच, आणि तुमचे कान असे होते की शेजारच्या घरातल्या कुकरची शिटी कोणत्या स्वरात आहे ते तुम्ही सांगायचात. मला आठवते की बोटे थांबली होती. दुसऱ्या दिवशी आठवते की नव्हती. तुम्हाला कळले होते आणि तुम्ही मला सांभाळून घेतलेत, की तुम्हाला काहीच कळले नाही? या दोहोंमध्ये मी येरझारा घालते आहे. पहिले खरे असेल तर मी तुम्हाला एकटे सोडले. दुसरे खरे असेल तर मी तुम्हाला फसवले. तिसरी जागा मला सापडत नाही.

घरी येऊन मी करार पुन्हा काढला. या खेपेला कारकुनासारखा वाचला. त्यात एक कलम होते: पाच वर्षांच्या आत कलावंत स्वतःच्या सहीच्या पत्राने कोणताही एक ध्वनी मागे घेऊ शकेल. मार्चपर्यंत मुदत होती. पत्र लिहायचे, तुमची सही घ्यायची, पाठवायचे. इतके सोपे. पण सही घ्यायची तर सांगावे लागणार, आणि सांगायचे म्हणजे हेही सांगायचे की, बाबा, करा सही असे तुम्हाला म्हणणारी मीच होते.

मी सात मसुदे केले. सोमवारी तुम्ही डायलिसिसहून थकून यायचात, तेव्हा नको. मंगळवारी तुम्ही जरा हसतखेळत असायचात, मग तो एक चांगला दिवस कशाला नासवायचा. बुधवारी पुन्हा डायलिसिस. आणि मसुदे अधिकाधिक चांगले होत गेले. सातवा तर मी स्वयंपाकघरात उभी राहून मोठ्याने वाचला आणि त्यातल्या एका वाक्यावर खूष झाले. मी त्या वाक्यावर खूष झाले, बाबा! बाहेर फेब्रुवारी संपत होता. हेल्पलाइनला फोन मी आता माझ्या घरून करायची, दार लावून, आणि तुम्हाला सांगायची, झालं काम. मग मार्च उलटला. एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात, सगळ्या गाड्यांवर पाइनच्या परागांचा पिवळा थर बसला असताना, फोलाकेचा फोन आला, आणि सही घेण्यासारखे कुणी उरले नाही.

तुम्हाला दुसऱ्याच दिवशी मातीत ठेवले, तुमच्या मुस्लिम धर्माप्रमाणे, वाद्याशिवाय. वाद्ये आठव्या दिवशी यायची होती, प्रार्थनेनंतर. ती घेऊन अटलांटाहून तिघे आले, त्यांत थोरले अलाबी, तुमचे तरुणपणचे सोबती. अपार्टमेंट कॉम्प्लेक्सच्या क्लबहाउसमध्ये खुर्च्या मांडल्या होत्या. भाताच्या मोठ्या पातेल्यांतून मिरचीचा आणि टोमॅटोचा वास येत होता. मी समीरबरोबर मागे उभी होते. अलाबींनी ड्रम काखेत घेतला, आणि वाजवण्याआधी फोलाकेला विचारले, "वादकाला त्याच्या गेलेल्या माणसांत पोचवायचं तर त्याच्या आईपासून निघावं लागतं. आईची ओळ सांग, मुली."

फोलाकेने शब्द सांगितले. अबेके, कोपरापर्यंत निळी. अलाबींनी मान हलवली. "शब्द मलाही माहीत आहेत. ती ओळ तो कशी चालवायचा? शेवट कुठं ओढायचा? ती त्याच्या घराण्याची आहे, अंदाजानं वाजवायची नसते."

फोलाकेला ते येत नव्हते. तिने इबादानला भावाला फोन लावला. त्यालाही येत नव्हते. ती आपल्या हातांकडे पाहत राहिली. मग म्हणाली, "त्यांनी मला शिकवलं नाही." अलाबींनी काठी मांडीवर ठेवली. आईशिवाय ते सुरू करणार नव्हते. आणि तुम्ही तुमच्या पूर्वजांच्या दाराबाहेरच राहणार होतात.

पुढे जे झाले त्यावरून कुणी म्हणेल की ते पत्र गेले नाही ते बरेच झाले. समीर त्याच रात्री म्हणाला. मी म्हणत नाही. माझ्या भित्रेपणातून काही चांगले निघाले असेल, तर त्याचे श्रेय त्या भित्रेपणाला देऊन मला मोकळे व्हायचे नाही.

मी पुढे गेले. "फोलाके, मला एक सांगायचंय." सगळ्यांसमोर सांगितले, एकटीला गाठून सांगण्याची सोय मी स्वतःला दिली नाही. स्टुडिओ, करार, सही, नोव्हेंबर, स्पीकर, मार्च. सात मसुदे कुठलाही अलंकार न वापरता दोन मिनिटांत बोलून झाले.

फोलाकेने माझ्याकडे पाहिले. तिचे डोळे तुमचे आहेत हे मला तेव्हाच दिसावे, हाही एक न्यायच. मला वाटले ती विचारेल, डॅडींना माहीत होते का? तिने विचारले नाही. ती म्हणाली, "आंटी, फोन लावा."

मी लावला. यंत्र म्हणाले, तुम्ही डॉक्टर असाल तर दोन दाबा, तुम्ही स्वतः सदस्य असाल तर एक दाबा. मी एक दाबले. सदस्य क्रमांक विचारला. तुमचा क्रमांक मला पाठ होता. मी फोन टेबलावर, भाताच्या पातेल्यांशेजारी ठेवला आणि स्पीकर चालू केला.

गुळगुळीत व्हायलिन. मग दोन खालचे स्वर, एक वरचा.

खुर्च्यांमधून कुणाचा तरी श्वास मोठ्याने निघाला. अलाबींनी डोळे मिटले. पहिल्या खेपेला ते नुसते ऐकत राहिले. बाई म्हणाली, तुमचा फोन आमच्यासाठी महत्त्वाचा आहे. दुसऱ्या खेपेला त्यांचा अंगठा दोरीवर हलू लागला. तिसऱ्या खेपेला त्यांनी अर्धी ओळ वाजवली, हात धुतले इथपर्यंत, आणि थांबले. "शेवट पुन्हा," ते पुटपुटले. "तो शेवटी काय करतो ते मला पुन्हा ऐकू दे."

पाच महिने ज्या कंपनीने मला चाळीस-चाळीस मिनिटे ताटकळत ठेवले, तिने त्या दिवशी चौथ्या मिनिटाला फोन उचलला.

"थांबल्याबद्दल आभारी आहे," एक तरुण आवाज म्हणाला. "मी तुमची काय मदत करू?"

मी टेबलावर वाकले.

"कृपया," मी म्हटले, "मला परत होल्डवर ठेवा."

"मॅम? मी आता मोकळी आहे, तुमचं काम सांगा ना."

"हेच काम आहे."

फोलाके माझ्या शेजारी येऊन वाकली. तिचा खांदा माझ्या खांद्याला लागला, आणि तिने तो काढून घेतला नाही. "प्लीज," ती फोनला म्हणाली. "जितका वेळ ठेवता येईल तितका वेळ ठेवा."

पलीकडच्या मुलीने पुढे काही विचारले नाही. टक् असा बारीक आवाज झाला. खोलीत तुमची आई परत आली, आणि या खेपेला शेवटचा स्वर अलाबींनी तिच्याबरोबरच ओढून धरला.